दोन वाढदिवसांची मुलगी

"वय?" मी विचारलं.

"सोळा," वडील म्हणाले.

"पंधरा," मुलगी म्हणाली.

आईनं पर्सची चेन उघडली आणि परत लावली.

वडील हसले. "टेन्शनमध्ये आहे हो ती, मॅडम. मेमध्ये सोळा पूर्ण झाली. हा बघा पासपोर्ट."

मी पासपोर्ट बघितला. जन्मतारीख मे महिन्यातली होती. फॉर्मवर सोळा लिहून मी मोकळी झाले. वकिलीच्या धंद्यात तेव्हा मला वीस वर्षं झाली होती, आणि समोर बसलेलं माणूस स्वतःच्या तोंडानं स्वतःचं वय सांगत असताना मी कागदाला भुलले. हा गाढवपणा आधीच कबूल करून टाकते, कारण पुढे मी दुसऱ्यांची बरीच खरडपट्टी काढणार आहे.

मी पुण्यात एलएलबी केलं, तिथल्या कोर्टात काही वर्षं काळा कोट घातला, आणि नव्वदच्या दशकात नवऱ्याच्या नोकरीमागे सिंगापूरला आले. आपल्याकडच्या पदवीवर इथल्या कोर्टात उभं राहता येत नाही. म्हणून मिस चुआंच्या लहानशा लॉ फर्ममध्ये मी लीगल एक्झिक्युटिव्ह होते. म्हणजे क्लायंटशी बोलायचं, कागद जमवायचे, मसुदे लिहायचे. कोर्टात बोलायचं ते मिस चुआंनी. ऑफिस चायनाटाउनमधल्या एका जुन्या शॉपहाउसच्या, म्हणजे खाली दुकान असलेल्या इमारतीच्या, दुसऱ्या मजल्यावर. मिस चुआ साठीला आलेल्या, अविवाहित, चणीनं एवढ्याशा, आणि त्यांच्याइतकं फटकळ माणूस मी आजवर पाहिलेलं नाही. मुलांच्या केसेस त्या आवडीनं घ्यायच्या. आईबापांवर त्यांचा मुळीच विश्वास नव्हता.

ही गोष्ट दोन हजारच्या दशकातली, मधल्या वर्षांतली. नावं अर्थातच बदलली आहेत.

मुलगी सानिका. राहायला टॅम्पिनीसला, शाळाही तिथलीच, मोठा भाऊ पॉलिटेक्निकला. शाळेतल्या दोन मैत्रिणींबरोबर तिनं ऑगस्टमध्ये तीन आठवडे मॉलमधल्या दुकानांतून वस्तू उचलल्या. आधी लिपस्टिक, मग इअरफोन, शेवटी एक कॅमेरावाला फोन. घरात काही कमी होतं म्हणून नव्हे. एकीनं केलं, दुसरीला जमलं, तिसरीला मागे राहायचं नव्हतं. सीसीटीव्हीत तिघी स्पष्ट दिसत होत्या. एकदा झालं असतं तर समज देऊन सोडलं असतं कदाचित, पण तीन आठवडे म्हटल्यावर पोलिसांनी चार्ज लावायचं ठरवलं.

आता गंमत बघा. तिघींचा गुन्हा एक, दिवस तेच, दुकानं तीच. दोन्ही मैत्रिणी पंधरा वर्षांच्या, त्या सोळाच्या आतल्या मुलांच्या, ज्युव्हेनाइल कोर्टात जाणार होत्या. सानिका पासपोर्टावर सोळाची, म्हणून ती मोठ्यांच्या कोर्टात.

फरक काय ते सांगते. ज्युव्हेनाइल कोर्टाचं दार बंद असतं. आत फक्त संबंधित माणसं. मुलाचं नाव, फोटो, शाळा काहीही छापता येत नाही. 'कन्व्हिक्शन' आणि 'सेंटेन्स' हे शब्दसुद्धा तिथं मुलांच्या बाबतीत वापरायचे नाहीत, असं कायदाच सांगतो. मोठ्यांच्या कोर्टाचं दार उघडं. कुणीही येऊन बसावं, वार्ताहरानं नाव लिहून घ्यावं. दोष सिद्ध झाला की गुन्हेगार म्हणून नोंद, आणि पुढे कॉलेजच्या, नोकरीच्या प्रत्येक फॉर्मवर तो एक प्रश्न: तुमच्यावर कधी गुन्हा सिद्ध झाला आहे का? पंधरा आणि सोळा यांच्यामध्ये एवढं सगळं पडलेलं होतं. आणि हिशेब होता ती कोर्टात पहिल्यांदा उभी राहील त्या दिवशीच्या वयाचा. ती तारीख तीन आठवड्यांवर, सप्टेंबरच्या अखेरीस होती.

सानिकाचे वडील शिरीष एका मोठ्या बँकेत कंप्लायन्सचे हेड. कंप्लायन्स म्हणजे बँकेतल्या बँकेत पोलीस. खातं उघडायला आलेला माणूस खरा कोण, त्याचा पत्ता खरा का, जन्मतारीख खरी का, हे तपासणारं खातं. पहिल्या भेटीत पहिली दहा मिनिटं त्यांनी मला तेच ऐकवलं. एका ग्राहकाच्या दोन कागदांवर जन्मतारखेत एका दिवसाचा फरक निघाला, तर यांनी त्याचं खातं कसं गोठवलं! "सिस्टिममध्ये इमोशनला जागा नसते, मॅडम," असंही वर म्हणाले. मुलगी शेजारी मान खाली घालून बसलेली, आणि हे नाकानं कांदे सोलत होते.

"हिला जरा धडा मिळायलाच हवा," ते म्हणाले. "आम्ही कधी पेन्सिल उचलली नाही कुणाची."

मिस चुआ त्यांच्याकडे बघतसुद्धा नव्हत्या. म्हणाल्या, "मला मुलीशी एकटीशी बोलायचंय."

"आमच्या घरात आम्ही एकमेकांपासून काही लपवत नाही."

"छान. मग तुम्हाला बाहेर बसायला काहीच हरकत नसावी. खाली कोपी चांगली मिळते."

कोपी म्हणजे इथली कॉफी. शिरीष लालेलाल झाले, पण गेले. मागोमाग आई, माधवी. जाताना तिनं दारातून एकदा वळून मुलीकडे बघितलं.

मुलीला एकटीला विचारायचं ही मिस चुआंची जुनी पद्धत होती. लोकांना वाटतं बालहक्क म्हणजे मुलांना चॉकलेट वाटायचा दिवस. तसं नाही. मुलांच्या हक्कांचा एक आंतरराष्ट्रीय करार आहे. जगातल्या जवळजवळ सगळ्या देशांनी तो मान्य केला आहे, सिंगापूरनंसुद्धा. त्यात म्हटलंय की मूल म्हणजे अठराच्या आतलं माणूस. मुलाबद्दल काही ठरवायचं असेल तर आधी त्याला विचारा. त्याच्यावर खटला चालवायचा तर त्याची इज्जत राखून चालवा. वाचायला फार सुंदर! पण सरकारं वस्ताद असतात. मान्यता देताना खाली बारीक अक्षरात टिपा जोडतात, की हे कलम आम्ही आमच्या सोयीनं पाळू, ते आमच्या कायद्याच्या चौकटीत बसवून घेऊ. याला रिझर्व्हेशन म्हणतात. जगभर करतात, इथल्यांनीही केली होती. वर अठरा मान्य करायचं आणि कोर्टाचं दार सोळालाच लावून घ्यायचं. जिनिव्हात बसून उंटावरून शेळ्या हाकणारे कराराच्या समितीवाले दर काही वर्षांनी नापसंती कळवतात, आणि इकडे त्याची पोच दिली जाते.

सानिका टिश्यूचे तुकडे करत बसली होती. मिस चुआंनी तिला चोरीबद्दल काहीच विचारलं नाही. त्यांनी विचारलं, "मघाशी तू पंधरा का म्हणालीस?"

"बिकॉज आय ॲम, लाह."

'लाह' हे इथल्या इंग्रजीचं शेपूट. मग माझ्याकडे वळून मराठीत म्हणाली, "आंटी, माझा बर्थडे नेक्स्ट मंथ आहे ना. ऑक्टोबरमध्ये. मेवाला तर स्कूलवाला आहे."

"स्कूलवाला म्हणजे?"

"मला दोन बर्थडे आहेत. मेमध्ये क्लासमध्ये केक. ऑक्टोबरमध्ये आई घरी ओवाळते. श्रीखंड करते. मला वाटायचं सगळ्या मराठी लोकांना दोन असतात."

मी कपाळावर हात मारला. सगळ्या नाही गं बाई, पण निम्म्यांना असतात. आमच्या पिढीत तर वर्गातल्या अर्ध्या मुलांचा वाढदिवस जूनच्या पहिल्या तारखेला. जन्म कधीही होवो, शाळेत घालायच्या दिवशी मास्तर सोयीची तारीख मांडायचे. पुढे मास्तर गेले आणि तेच काम हौशी आईबाप करायला लागले. पहिलीच्या प्रवेशाला वय काही महिन्यांनी कमी पडतंय? वर्ष वाया जाईल! मग घ्या तारीख मागे. मूल आईच्या पोटातून कधी बाहेर आलं याला काही किंमतच नाही.

मिस चुआंना हे समजावून सांगायला मला वीस मिनिटं लागली. त्यांना आधी खरंच वाटेना.

"म्हणजे त्यांनी मुलीचं वय वाढवलं? शाळेसाठी?"

"हो."

"आणि शाळेत ती पहिली वगैरे आली का?"

"नाही. सगळ्यात लहान म्हणून कायम मागेच राहिली, असं ती म्हणते."

"मग झालं! मागे राहायचं नाही म्हणून चोरी केली ना तिनं?" मिस चुआंनी फाइल मिटली. "जा. पुरावा आण."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मी एमआरटीनं, म्हणजे इथल्या मेट्रोनं, टॅम्पिनीसला गेले. फ्लॅट बाराव्या मजल्यावर. दारात चपलांचा स्टँड, आत पुस्तकांचं कपाट, सगळं लखलखीत. माधवीनं पोहे केले होते. शिरीष नुकतेच ऑफिसमधून आले होते, टाय सैल करत समोर बसले.

मी सरळ विचारलं, "सानिकाची खरी जन्मतारीख कोणती?"

"पासपोर्टवर आहे ती."

"मी खरी विचारतेय."

ते उठले, मुलीच्या खोलीचं दार लावून घेतलं, आणि परत येऊन माझ्या शेजारच्या खुर्चीत बसले.

"ताई," ते म्हणाले.

कालपर्यंत मी मॅडम होते.

"ताई, तुम्ही पुण्याच्या. तुम्हाला काय सांगायचं? हिचं बाळंतपण माहेरी, कराडला झालं. नर्सिंग होमनं नगरपालिकेत नोंद करायला हवी होती, ती राहून गेली. आम्हीही विसरलो. शाळेत घालायची वेळ आली तेव्हा दाखला काढायचा होताच. तर म्हटलं, काढतोच आहोत तर… पाच महिन्यांचाच प्रश्न होता. एक स्टँप पेपर, एक ॲफिडेव्हिट. सगळेच करतात."

"पाच महिन्यांचाच प्रश्न होता, तर एक वर्ष उशिरा घातलं असतं शाळेत! आभाळ कोसळणार होतं?"

"वर्ष वाया गेलं असतं."

तळपायाची आग मस्तकात गेली माझ्या. त्या करारात सातवं कलम आहे. जन्मल्याबरोबर नोंद व्हावी हा मुलाचा हक्क आहे. जगात हे कलम कुणासाठी लिहिलंय? लढाईतून पळालेल्या, डोंगरात जन्मलेल्या, कागदाचा कपटा नसलेल्या मुलांसाठी, असं मी समजत होते. टॅम्पिनीसच्या बाराव्या मजल्यावर, बँकेतल्या हेडच्या घरात ते मोडलेलं सापडेल असं मला कधी वाटलं नव्हतं.

"ठीक आहे," मी म्हटलं. "आता खरं सांगून टाकू. कायद्यात सोय आहे. वयाबद्दल शंका असेल तर कोर्ट चौकशी करतं. पुरावा दिला की ती ज्युव्हेनाइल कोर्टात जाईल."

शिरीषच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. "म्हणजे मला लिहून द्यावं लागेल की तारीख खोटी आहे?"

"आहेच ना खोटी!"

"अहो, इथं कायम राहण्याच्या परवान्याच्या, पीआरच्या अर्जावर तीच तारीख आहे. खाली माझी सही आहे. खोटी माहिती दिली म्हणून पीआर काढून घेतील. बँकेला कळलं तर? मी कंप्लायन्सचा हेड आहे, ताई! मी लोकांची खाती गोठवतो यासाठी!"

"मग?"

आणि मग त्या माणसानं जे सांगितलं ते मी आजही विसरलेले नाही. आवाज खाली आणून, एखादी चांगली स्कीम समजावून द्यावी तसं त्यांनी सांगितलं.

"तुम्ही असं करा. कोर्टाकडून पुढची तारीख घ्या. महिन्या-दीड महिन्यानंतरची. ऑक्टोबरअखेर ती खरोखरच सोळाची होते. मग सोळा म्हटलं तरी कुणाचंच काही खोटं नाही."

डोंबल! खोटं खरं होईपर्यंत थांबायचं! मी पोह्यांची बशी खाली ठेवली. माणूस बँकेत एवढा वर का चढला ते मला त्या क्षणी कळलं.

तेवढ्यात खोलीचं दार उघडलं. सानिका दारातच उभी होती. तिनं सगळं ऐकलं होतं.

"इट्स ओके, आंटी," ती म्हणाली. "लेट मी बी सिक्स्टीन. मीच केलं ना? बाबांचा जॉब जाईल तर दादाची पॉलिटेक्निक पण जाईल. आपण सगळे परत जाणार. माझ्यामुळे."

मी शिरीषकडे बघितलं. मला वाटलं, आता तरी हा बाप उठेल. म्हणेल, नाही गं बाळ, तू गप्प बस, मी बघतो. देवाशपथ, मी वाट बघत होते.

ते म्हणाले, "बघा, तिला समज आहे."

पंधरा वर्षांची पोर बापाची नोकरी वाचवायला निघाली होती, आणि बाप तिला वाचवू देत होता. एवढा शेपूटघालू माणूस मी कोर्टातसुद्धा फार पाहिलेला नाही.

माधवी इतका वेळ स्वयंपाकघराच्या दाराशी उभी होती. ती आतल्या खोलीत गेली. देवघराच्या खणातून एक पिवळी पडलेली, प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळलेली वही घेऊन आली आणि माझ्या हातात दिली. सानिकाची पत्रिका होती. वर हळदीकुंकवाचा डाग. आत ठसठशीत अक्षरात ऑक्टोबरमधली तारीख, कराड, पहाटेचे चार वाजून सतरा मिनिटं, आणि नर्सिंग होमचं नावसुद्धा.

मला हसूच फुटलं. शाळेला खोटं सांगितलं, नगरपालिकेला खोटं सांगितलं, दोन देशांच्या सरकारांना खोटं सांगितलं. ज्योतिषाला मात्र मिनिटासकट खरं!

"माधवी, ठेव ते आत," शिरीष म्हणाले. "पत्रिका कोर्टात चालत नाही."

"नसेल चालत. नर्सिंग होमचं रजिस्टर चालेल ना, ताई? डॉक्टर म्हातारे झालेत, पण रजिस्टरं जपून ठेवलीत त्यांनी. माझ्या भावाला उद्याच पाठवते तिकडे."

"चालेल," मी म्हटलं. "आणि कुणीतरी शपथेवर सांगावं लागेल."

"मी सांगते."

"तू काय सांगणार?" शिरीष ओरडले. "दाखला मी काढलाय. तारीख मी दिलीय!"

"म्हणूनच चुकली," माधवी म्हणाली. आवाज चढवला नाही तिनं. "अहो, तारीख मला विचारायची होती. कळा मला आल्या होत्या."

मग ती सानिकाजवळ गेली, तिचा हात धरून तिला खुर्चीवर बसवलं आणि तिच्यासमोर पोह्यांची बशी ठेवली. पोरीनं दुपारपासून काही खाल्लं नव्हतं म्हणे.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेनऊला शिरीष ऑफिसात हजर. मी त्यांना बसवण्याआधीच मिस चुआंच्या टेबलासमोर उभे राहिले.

"मी तुमचा क्लायंट आहे. माझी इन्स्ट्रक्शन आहे की वयाचा मुद्दा काढायचा नाही."

मिस चुआ काया टोस्ट, म्हणजे नारळाचा जॅम लावलेला टोस्ट, खात होत्या. तोंडातला घास शांतपणे संपवला. "कोण क्लायंट?"

"मी. नेमणुकीच्या पत्रावर माझी सही आहे."

"सही तुमची असेल. चार्ज तिच्यावर आहे. माझी क्लायंट ती." त्यांनी टिश्यूनं बोटं पुसली. "आणि मला खरं वय माहीत असताना मी कोर्टात उभी राहून सोळा म्हणू? माझं लायसन्स घालवू, तुमची सही झाकायला? तुमचा इंटरेस्ट वेगळा, तिचा वेगळा. तुम्ही तुमच्यासाठी दुसरा वकील बघा. मी एका चांगल्या माणसाचं नाव देते."

"पण सानिका स्वतःच म्हणतेय की…"

"तिला मी विचारीन. तुमच्याशिवाय."

विचारलंही. त्या संध्याकाळी सानिका आईबरोबर आली. मिस चुआंनी तिला सगळं सांगितलं. खरं वय सांगितलं तर काय होईल, नाही सांगितलं तर काय होईल, वडिलांना त्रास होऊ शकतो हेसुद्धा. काही लपवलं नाही. मुलगी रडत होती. शेवटी मिस चुआ म्हणाल्या, "तुझे वडील वयानं मोठे आहेत. ते स्वतःला सांभाळतील. तू त्यांची वकील नाहीस. आता सांग, तुला काय हवंय?"

सानिका नखं कुरतडत म्हणाली, "आय जस्ट वाँट माय ओन बर्थडे, कॅन?"

"कॅन," मिस चुआ म्हणाल्या.

पुढचं काम कागदांचं. माधवीचा भाऊ त्याच दिवशी नर्सिंग होममध्ये जाऊन बसला. डॉक्टरांनी रजिस्टर काढून त्याचा सहीशिक्क्याचा उतारा दिला. आईचं नाव, मुलगी, वजन, तारीख, वेळ. पहाटेचे चार वाजून वीस मिनिटं. ज्योतिषाकडे तीन मिनिटांचा फरक होता, तो आम्ही सोडून दिला. कुरिअर आठवड्यात आलं. माधवीनं शपथपत्रावर सही केली. त्यात मी एकच वाक्य तिच्या शब्दांत ठेवलं होतं, की ही मुलगी मी जन्माला घातली आहे आणि तो दिवस मला माहीत आहे. मिस चुआंनी त्या कराराच्या समितीच्या मतातला एक परिच्छेद जोडला: वयाबद्दल शंका असेल तर फायदा मुलाला द्यावा. करार इथल्या कोर्टात थेट चालत नाही, चालतो तो इथला कायदा. तरी त्या तो परिच्छेद घालायच्याच. "कुणीतरी वाचू दे तरी," म्हणायच्या.

सप्टेंबरच्या अखेरीस आम्ही कोर्टात गेलो. माधवी आली. शिरीषना मीटिंग होती.

मॅजिस्ट्रेट मध्यमवयीन बाई होत्या. त्यांनी उतारा वाचला, शपथपत्र वाचलं, पासपोर्ट बघितला. सरकारी वकिलांनी तपासायला दोन आठवडे मागितले. मिळाले. त्यांनी स्वतः नर्सिंग होमला फोन लावला म्हणे, आणि डॉक्टरांनी त्यांना रजिस्टरातल्या आजूबाजूच्या चार बाळंतपणांचीसुद्धा माहिती ऐकवली. पुढच्या तारखेला त्यांनी उठून सांगितलं की आमची हरकत नाही.

त्या दिवशी शिरीष आले होते. सर्वांत मागच्या बाकावर बसले होते. त्यांच्या वकिलानंच त्यांना यायला सांगितलं असणार.

मॅजिस्ट्रेटनी चष्मा काढला आणि सानिकाकडे बघितलं. "मला तुझ्याकडून ऐकायचंय. तुझं वय काय?"

सवयीनं तिनं मागे वळून बापाकडे बघितलं. शिरीषनी मान खाली घातली. मग ती पुढे वळली.

"फिफ्टीन, मॅम."

सोळा व्हायला तिला तेव्हा नऊ दिवस बाकी होते.

केस ज्युव्हेनाइल कोर्टात गेली. तिथं तिनं सगळं कबूल केलं, काहीही फाटे फोडले नाहीत. बंद दारामागे वर्षभराचं प्रोबेशन मिळालं. म्हणजे दर काही दिवसांनी प्रोबेशन ऑफिसरला भेटायचं, ठरल्या वेळी घरी यायचं, काही तास समाजसेवा. बेडोकच्या एका वृद्धाश्रमात ती शनिवारी जायची. मीही बेडोकचीच, एकदोनदा बाजारात भेटली. तिथल्या आज्या तिला फार पिडतात, असं हसत सांगत होती. नाव कुठंही छापलं गेलं नाही.

आणि शिरीष? ज्या संकटासाठी हा गृहस्थ पोटच्या पोरीला उघड्या कोर्टात उभी करायला निघाला होता, त्याचं काय झालं ते ऐका. त्यांच्या वकिलानं आपण होऊन संबंधित खात्याला पत्र लिहिलं, चूक कळवली, सोबत कोर्टाची नोंद जोडली. तीन महिन्यांनी उत्तर आलं. कडक समज, पुन्हा असं केल्यास कारवाई, आणि तारीख दुरुस्त करून घ्या. बस्स! पीआर गेला नाही, नोकरी गेली नाही, दादाची पॉलिटेक्निकही गेली नाही. ते पत्र घेऊन शिरीष मला दाखवायला आले होते. चेहरा परीक्षेत पास झाल्यासारखा.

"बघा ताई," म्हणाले. "उगाच घाबरलो होतो."

"हो," मी म्हटलं. "आणि घाबरल्यावर कुणाला पुढे केलंत, तेही लक्षात ठेवा."

त्यानंतर मी त्यांची ताई राहिले नाही. त्याचं मला काही वाईट वाटलं नाही. सरकारं करारावर सही करून खाली टिपा जोडतात म्हणून मी आयुष्यभर नाकं मुरडली. पण त्यांच्या टिपा निदान छापलेल्या असतात, कुणालाही वाचता येतात. आईबापांच्या टिपा घरातल्या घरात असतात. तुझ्यासाठी वाट्टेल ते करू, फक्त आमचा पीआर, आमचं नाव आणि आमचं वाया न गेलेलं वर्ष सोडून.

प्रोबेशन संपलं त्या आठवड्यात सानिका ऑफिसात आली. मिस चुआंसाठी तिनं खालच्या दुकानातून काया टोस्ट आणला होता. फाइल बंद करायची म्हणून मी तिला सगळी कागदपत्रं दाखवत होते. कोर्टाच्या नोंदीत ती एक ओळ होती: जन्म ऑक्टोबरमधला, पहिल्या हजेरीच्या दिवशी वय पंधरा. तिनं त्यावर बोट ठेवलं.

"आंटी, याची फोटोकॉपी मिळेल?"

"मिळेल की. पण आता कशाला? पासपोर्ट दुरुस्त झालाय ना?"

"जस्ट इन केस, लाह," ती म्हणाली. "परत चेंज केली तर?"

मी दोन प्रती काढून दिल्या. एक तिला, एक तिच्या आईला.

तेव्हापासून माझी एक पद्धत पडली, ती मी निवृत्त होईपर्यंत मोडली नाही. मूल घेऊन कुणी आलं की वय मी आधी मुलाला विचारायची, मग आईला. बापाकडून फक्त कागद घ्यायची, आणि तो तपासायला पाठवायची.